कोफ्ता, केफ्तेस आणि दाण्याचं कूट

मागच्या वेळी आपण गटाच्या वहीत नोंदी कशा ठेवायच्या ते बोललो होतो. आज विषय वेगळा आहे, एका शब्दाचा. शब्द ग्रीस देशातला आहे. तो आमच्यापर्यंत आला आमच्याच गटातल्या एका काकूंमुळे.

काकूंचा मुलगा प्रवासी जहाजावर स्वयंपाकघरात काम करतो. आपल्या कोकणातून आणि गोव्यातून किती तरी मुलं अशी बोटीवर जातात, हे तुम्हाला ठाऊकच आहे. त्याचं जहाज सध्या ग्रीसच्या बेटांकडे फिरतं. त्यानं एक दिवस फोनवर फोटो पाठवला. ताटलीत तळलेले तपकिरी गोळे, बाजूला दह्याची वाटी आणि लिंबाची फोड. खाली लिहिलं होतं, "केफ्तेदेस. मस्त असतात."

काकू माळकरी. घरात मांसमच्छी शिजत नाही. महिन्याच्या बैठकीला त्या फोन घेऊनच आल्या आणि म्हणाल्या, "ताई, हे काय आहे ते जरा सांगा. दिसायला तर आपल्या कोफ्त्यासारखं दिसतंय." त्यांना खरं विचारायचं होतं ते वेगळंच, ते आम्हाला कळलं. पोरगं तिकडे काय खातं, हा त्यांचा प्रश्न होता. पण तो त्यांनी विचारला नाही, आणि आम्हीही तेव्हा बोललो नाही. आम्ही म्हटलं, शोधून सांगतो. ते हे सांगणं.

काकूंचा पहिला अंदाज अगदी बरोबर निघाला. ते कोफ्त्यासारखं नुसतं दिसत नाही, तो शब्दही कोफ्ताच आहे.

शब्द कुठून निघाला?

फारसी भाषेत, म्हणजे इराणच्या भाषेत, एक क्रियापद आहे 'कूफ्तन'. त्याचा अर्थ कुटणे, ठेचणे. त्यावरून झालं 'कोफ्ता', म्हणजे कुटलेलं. मांस पाट्यावर किंवा उखळात कुटायचं, मसाला घालून गोळे करायचे, आणि शिजवायचे किंवा तळायचे. या पदार्थाचं नाव मांसावरून पडलं नाही, गोल आकारावरूनही पडलं नाही. ते पडलं हाताच्या कामावरून.

आपल्याकडे याचा अगदी सख्खा शेजारी शब्द आहे, 'दाण्याचं कूट'. शेंगदाणे कुटले की ते कूट. आपण 'कूट' म्हणतो आणि फारसीत 'कोफ्ता' म्हणतात, दोन्हींचा अर्थ 'कुटलेलं' असाच. मात्र इथे एक सावधगिरी बाळगू या. आपलं 'कुटणे' संस्कृतातून आलंय आणि 'कोफ्ता' फारसीतून. आवाज थोडा जुळतो म्हणून दोघं एकाच आईची लेकरं ठरत नाहीत. अर्थ एक, घराणी दोन.

हा फारसी शब्द दोन वाटांनी निघाला. एक वाट पूर्वेला आली. भारतात कित्येक शतकं राजदरबाराची भाषा फारसी होती, त्या दरबारी स्वयंपाकघरांतून कोफ्ता हिंदुस्थानात रुळला आणि मराठीतही आला. दुसरी वाट पश्चिमेला गेली. तुर्की भाषेत त्याचं 'क्योफ्ते' झालं. तुर्कांच्या उस्मानी साम्राज्याची सत्ता ग्रीसच्या बऱ्याच भागावर जवळपास चारशे वर्षं होती. ग्रीकांनी स्वातंत्र्ययुद्ध सुरू केलं ते १८२१ मध्ये. पुढे तुर्की राज्य गेलं, पण चुलीवरचे शब्द राहिले. 'क्योफ्ते'चं ग्रीकमध्ये 'केफ्तेस' झालं. बल्गेरिया, रुमानिया, अल्बेनिया, आर्मेनिया, अरब देश, जिथे बघाल तिथे याच शब्दाची थोडी बदललेली रूपं आढळतात.

शब्द वापरतात कसा?

एक गोळा असेल तर 'केफ्तेस'. अनेक असतील तर 'केफ्तेदेस'. बोलताना जोर 'ते' वर द्यायचा. लहान लहान गोळ्यांना 'केफ्तेदाक्या' म्हणतात. आपण तान्ह्याला तान्हुलं म्हणतो, छोट्याला छोटुकलं म्हणतो, तसंच हे. ग्रीक बायका प्रेमानं आणि आग्रहानं बोलताना असे लाडके शब्द फार वापरतात. कॉफीला 'काफेस' म्हणतात, पण पाहुण्याला विचारताना 'काफेदाकी' घेणार का, असं विचारतात. म्हणजे घोटभर घ्याच.

लहान केफ्तेदाक्या मुलांच्या वाढदिवसाला करतात, सहलीच्या डब्यात देतात, गारसुद्धा चांगल्या लागतात. पाहुण्यांपुढे चार-पाच छोट्या बश्या मांडून थोडं थोडं खायची तिकडे पद्धत आहे. त्या प्रत्येक बशीला 'मेझेस' म्हणतात. हा शब्द ऐकून आम्हाला हसू आलं, कारण तोही आपल्या ओळखीचा आहे. फारसीत 'मझा' म्हणजे चव. तोच तुर्कीतून ग्रीकमध्ये 'मेझेस' झाला आणि मराठीत 'मजा' झाला. त्यांनी चवीची बशी केली, आपण चवीचा आनंद केला.

आणखी दोन शब्द सांगतो. आपला 'खिमा' ग्रीकमध्ये 'किमास' आहे, अर्थ तोच. आणि आजी नातवंडाच्या हातात खाऊला म्हणून जे पैसे ठेवते त्याला ग्रीकमध्ये 'हार्झिलीकी' म्हणतात. त्याच्या मुळाशी आपला 'खर्च' आहे. आपल्याकडे जत्रेला जाताना पोराच्या हातावर 'खर्ची' ठेवतात ना, अगदी तीच. काकूंनी हा शब्द ऐकला आणि म्हणाल्या, "म्हणजे तिथंही आज्या आहेत म्हणायच्या."

करतात कसा?

आता पाककृती. आपल्यातल्या ज्या मैत्रिणी मांसाहार करतात त्यांना ती उपयोगी पडेल, बाकीच्यांनी त्यातली युक्ती घ्यावी.

अर्धा किलो खिमा घेतात. शिळ्या पावाच्या दोन जाड कापा पाण्यात भिजवून घट्ट पिळतात आणि खिम्यात कुस्करतात. एक मोठा कांदा किसून घालतात, चिरून नाही. एक अंडं, मीठ, मिरी, चमचाभर व्हिनेगर, आणि भरपूर पुदिना. पुदिन्याला ग्रीकमध्ये 'दियोस्मोस' म्हणतात, त्याचा मूळ अर्थ गोड वासाचा. पुदिन्याशिवाय केफ्तेस म्हणजे कोथिंबिरीशिवाय आपली आमटी. हे सगळं कणकेसारखं मळून तासभर थंड जागी ठेवतात. मग सुपारीपेक्षा थोडे मोठे गोळे वळून, कोरड्या पिठात घोळवून तळतात.

यात शिळा पाव कशाला? दोन कारणं. पहिलं पैशाचं. मांस महाग, पाव स्वस्त, अर्धा किलोत सगळ्या घराचं भागतं. दुसरं चवीचं. मांस तापलं की आवळतं आणि त्यातलं पाणी बाहेर पडतं, गोळा दगडासारखा होतो. भिजलेला पाव ते पाणी धरून ठेवतो, म्हणून गोळा मऊ राहतो. गरिबीतून निघालेली युक्ती पुढे चवीची खूण झाली. आपल्याकडे शिळ्या पोळीचा कुस्करा, शिळ्या भाताचे वडे यांचंही असंच झालं आहे.

सगळे गोळे केफ्तेस नसतात

गोळा दिसला की केफ्तेस म्हणायचं, असं तिकडे नाही. नाव वेगळं असेल तर करणंही वेगळं असतं.

'युवार्लाक्या' हे खिम्यात तांदूळ घालून केलेले गोळे. ते तळत नाहीत, रश्शात उकडतात, आणि वरून अंडं आणि लिंबाचा रस एकत्र फेटून लावतात. तुर्कीत 'युवार्लाक' म्हणजे गोल. म्हणजे या पदार्थाचं नाव आकारावरून पडलं. आपली गोळ्यांची आमटी आठवा. भिजवून वाटलेल्या हरभऱ्याच्या डाळीचे गोळे उकळत्या आमटीत सोडतो आपण. नाव ठेवायची रीत तीच.

'बिफ्तेकी' हे चपटं असतं, निखाऱ्यावर किंवा तव्यावर भाजतात. 'सुत्झुकाक्या' लांबट असतात, त्यात जिरं आणि लसूण घालतात आणि टोमॅटोच्या रश्शात शिजवतात. या सुत्झुकाक्यांमागे मोठी गोष्ट आहे, ती थोडक्यात सांगतो.

तुर्कस्तानच्या किनाऱ्यावर स्मिर्ना नावाचं शहर होतं, आजचं इझमिर. तिथे ग्रीक लोक पिढ्यानपिढ्या राहत होते. १९२२ मध्ये युद्धात ते शहर जळालं. १९२३ मध्ये दोन्ही देशांनी करार करून माणसांची अदलाबदल केली. तुर्कस्तानातून एकूण बारा लाखांच्या आसपास ग्रीक ख्रिस्ती लोकांना ग्रीसमध्ये यावं लागलं, आणि ग्रीसमधून साडेतीन-चार लाख मुसलमानांना तुर्कस्तानात जावं लागलं. घर, शेत, जनावरं मागे राहिली. बायकांनी बरोबर आणली ती हाताची चव. जिरं-लसणाचे ते लांबट गोळे आजही ग्रीसमध्ये 'स्मिर्नाचे' म्हणूनच ओळखले जातात. आपल्याकडे १९४७ मध्ये सिंधी कुटुंबं उल्हासनगरला आली, त्यांनी काय काय बरोबर आणलं हे ज्यांनी पाहिलंय त्यांना वेगळं सांगायला नको. गाव सुटलं तरी गावाचं नाव ताटात राहतं.

मांसाशिवायचे केफ्तेदेस

आता काकूंच्या प्रश्नाकडे येतो. केफ्तेदेस म्हणजे मांसच का?

नुसतं 'केफ्तेदेस' म्हटलं तर मांसाचेच. पण ग्रीसमध्ये उपवास खूप आहेत. ईस्टरच्या सणाआधी तर चाळीस दिवसांहून जास्त दिवस जुन्या वळणाची माणसं मांस, अंडी, दूध-दही काही खात नाहीत. मग बायका केफ्तेस करायच्या थांबल्या का? नाही. त्यांनी नाव ठेवलं आणि आतलं बदललं.

सांतोरिनी बेटावर पाणी कमी, जमीन ज्वालामुखीच्या राखेची. तिथे बिनपाण्याचे, जाड सालीचे छोटे टोमॅटो पिकतात. ते चिरून, कांदा-पुदिना आणि पीठ घालून भजीसारखे तळतात, ते 'तोमातोकेफ्तेदेस'. सिफ्नोस बेटावर भिजवलेले छोले वाटून करतात, ते 'रेविथोकेफ्तेदेस'. आपल्या डाळवड्याचा हा भाऊच. आणि तिकडच्या कोवळ्या भोपळ्याचा, म्हणजे झुकिनीचा कीस काढून, मीठ लावून, पाणी पिळून करतात ते 'कोलोकिथोकेफ्तेदेस'. यात बहुतेक वेळा चीज असतं, म्हणून ते उपवासाला चालत नाहीत. असल्या मांसाशिवायच्या गोळ्यांना गमतीनं 'प्सेफ्तोकेफ्तेदेस' म्हणतात, म्हणजे खोटे केफ्तेस.

मैत्रिणींनो, आपण दुधी किसतो, मीठ लावतो, पिळतो, बेसन घालतो, तळतो आणि म्हणतो दुधी कोफ्ता. झुकिनी आणि दुधी एकाच भोपळावर्गातल्या भाज्या. एकमेकींना कधी न भेटलेल्या दोन देशांतल्या बायकांनी एकाच शब्दात एकाच जातीची भाजी भरली. फरक एवढाच की तिकडे भाजीचा कोफ्ता खोटा ठरला आणि आपल्याकडे कित्येक घरांत तोच खरा. आमच्या गटातल्या निम्म्या जणींना कोफ्ता मुळात मांसाचा असतो हे माहीतच नव्हतं. आणि आमच्याच गटातल्या मुसलमान मैत्रिणीला दुधीचा कोफ्ता पहिल्यांदा ऐकला तेव्हा हसू आलं होतं.

आम्ही यातून काय शिकलो

गेल्या वर्षी आमच्या गटानं तालुक्याच्या प्रदर्शनात स्टॉल लावला होता. पाटीवर आम्ही लिहिलं होतं, 'गरमागरम कोफ्ते'. एक वयस्कर बाई आल्या, पाटी वाचली आणि विचारलं, "यात खिमा आहे का?" आमच्यातली एक जण घाईत होती, ती म्हणाली, "अहो, कोफ्त्यात कुठं खिमा असतो?" बाईंचा विश्वास बसला नाही. त्या निघून गेल्या, त्यांच्याबरोबरच्या चौघीही गेल्या. तेव्हा आम्ही त्या बाईंनाच नावं ठेवली. आज कळतंय, त्या बरोबर विचारत होत्या आणि चूक आमच्या पाटीची होती. शब्द सांगतो ते 'कुटलेलं' एवढंच. काय कुटलंय ते आपणच सांगायला हवं.

म्हणून गटांसाठी चार गोष्टी. पाटीवर पदार्थाच्या नावाआधी मुख्य जिन्नस लिहा, 'दुधीचा कोफ्ता', 'कोंबडीच्या खिम्याचा कोफ्ता'. पाकीटबंद माल असेल तर शाकाहारीला चौकटीत हिरवा ठिपका आणि मांसाहारीला चौकटीत तपकिरी त्रिकोण छापा. बांधणीसाठी काय वापरलंय, बेसन, मैदा, अंडं की पाव, तेही लिहा. युरोपात तर गहू, अंडं, दूध, शेंगदाणे अशा अंगावर उठणाऱ्या चौदा जिन्नसांची माहिती गिऱ्हाइकाला देणं डिसेंबर २०१४ पासून कायद्यानं बंधनकारक आहे. आणि चौथी गोष्ट, दोन्ही प्रकार विकत असाल तर कढई आणि झारा वेगळा ठेवा, आणि तो वेगळा आहे हे गिऱ्हाइकाला दिसू द्या.

स्टॉलवरून आठवलं. ग्रीसच्या लेस्वोस बेटावर पेत्रा नावाचं गाव आहे, तुर्कस्तानच्या किनाऱ्याजवळच. तिथल्या बायकांनी १९८३ मध्ये आपली सहकारी संस्था काढली. ग्रीसमधली अशी ती पहिली. घरातल्या खोल्या प्रवाशांना भाड्यानं द्यायच्या आणि स्वतःच्या हातचं जेवण घालायचं, हा त्यांचा धंदा. शेतात आणि घरात राबून ज्यांच्या हातात कधी पैसा आला नव्हता, त्यांच्या नावावर कमाई येऊ लागली. आपले बचत गट दुसरं काय करतायत?

आपला शब्द, परका शब्द

कुणी म्हणेल, एवढं परक्या शब्दांचं कौतुक कशाला? ग्रीसमध्येही हा वाद झाला. तुर्की शब्द काढून भाषा शुद्ध करावी असं तिथल्या विद्वानांना वाटत होतं. शुद्ध केलेली ती भाषा सरकारी कामकाजात १९७६ पर्यंत चालली. पण स्वयंपाकघरात केफ्तेस केफ्तेसच राहिला. आपल्याकडेही शिवाजी महाराजांनी 'राज्यव्यवहारकोश' करवून घेतला, कारभारातल्या फारसी शब्दांना संस्कृत शब्द सुचवले. त्यातले कित्येक रुजलेही. तरी आपल्या गटाची वही उघडून बघा. हिशोब, जमा, खर्च, बाकी, कर्ज, वसूल, सगळे फारसी-अरबीतून आलेले. 'हप्ता' म्हणजे फारसीत आठवडा, 'हफ्त' म्हणजे सात त्यावरून. हे शब्द काढले तर आपली बैठकच होणार नाही. जो शब्द रोज हाताशी लागतो तो आपलाच होतो.

आता काकूंचं सांगून थांबतो. त्यांना आम्ही चार ग्रीक शब्द कागदावर लिहून दिले. 'मोस्खारी' म्हणजे गाय-वासराचं मांस, 'खिरिनो' म्हणजे डुकराचं, 'आर्नी' म्हणजे कोकराचं, 'कोतोपूलो' म्हणजे कोंबडीचं. केफ्तेदेस बहुतेक वेळा पहिल्या दोन्हींचे असतात, हेही लपवलं नाही. आणखी दोन शब्द दिले. 'खोरीस क्रेआस', म्हणजे मांस नको. 'निस्तीसिमो', म्हणजे उपवासाचं. पण त्यातही एक मेख आहे, तिकडच्या उपवासाला कोळंबी आणि माकुल चालतं, म्हणून तेवढं विचारून घ्यायला सांगा, असं म्हटलं.

काकूंनी कागद घडी घालून कमरेला खोचला. पुढच्या बैठकीत म्हणाल्या, "बोलले त्याच्याशी. त्यालाच विचारलं, कशाचं असतं रे ते? आधी गप्प बसला. मग म्हणाला, आई, पहिले तीन महिने नुसता भात आणि ब्रेड खाल्ला, वजन उतरलं, मग खायला लागलो. तुला सांगायची भीती वाटत होती."

"मग तुम्ही काय म्हणालात?" आम्ही विचारलं.

"म्हटलं, माळ माझ्या गळ्यात आहे, तुझ्या नाही. उपाशी राहू नकोस. आणि परत असलं लपवू नकोस. ते कागदावरचे शब्दही वाचून दाखवले त्याला. म्हणाला, हे तुला कुणी शिकवलं?"

त्या दिवशी बैठकीत हप्ते गोळा व्हायला उशीर झाला. पण आमच्यातल्या ज्यांची मुलं पुण्या-मुंबईला, आखातात, बोटीवर आहेत, त्या सगळ्या जणी काकूंकडे बघत होत्या. ताटात काय आहे हे विचारायची आपल्याला भीती वाटते, आणि सांगायची त्यांना. विचारायला एखादा शब्द मिळाला तर बोलणं सोपं होतं.

तुमच्या गटाच्या पुढच्या बैठकीत प्रत्येकीनं आपल्या घरातल्या एका पदार्थाचं नाव घ्या आणि ते कशावरून पडलं ते सांगा. मुटका मुठीवरून, थापीवडी थापण्यावरून, कूट कुटण्यावरून. जमले तेवढे शब्द आम्हाला कळवा, पुढच्या कार्यक्रमात वाचून दाखवू. नमस्कार.